पलटण, बखर आणि वीरगळ: बेळगाव भागात पुस्तकांतून इतिहास वाचणाऱ्यांचे नेहमीचे प्रश्न

देशाचा लष्करी इतिहास आणि त्याच्या अवतीभवतीचं लोकजीवन पुस्तकांतून समजून घ्यायला निघालेले वाचक आमच्याकडे येतात, तेव्हा फिरून फिरून तेच प्रश्न विचारतात. खानापूर, निपाणी, चिकोडी, बेळगाव तालुक्यातली खेडी, अधूनमधून कारवार-हल्याळकडचेही वाचक. त्यांना तोंडी दिलेली उत्तरं इथे एकत्र केली आहेत. आमची मतंही त्यात आहेत, ती लपवलेली नाहीत.

सुरुवात कुठल्या पुस्तकापासून करू? एकदम रियासतीचे खंड घ्यावेत का?

घेऊ नयेत. सरदेसायांची मराठी रियासत कपाटात असावी, वेळोवेळी उघडावी. पण पहिल्याच महिन्यात ती हाती घेतलेला माणूस दुसऱ्या महिन्यात वाचनालयाकडे फिरकत नाही, हे आम्ही पाहत आलो आहोत.

विष्णुभट गोडसे यांचा ‘माझा प्रवास’ घ्या. वरसईचा हा गरीब भिक्षुक बायजाबाई शिंद्यांच्या यज्ञात दक्षिणा मिळेल म्हणून १८५७ साली उत्तरेला निघाला आणि बंडाच्या ऐन धुमाळीत सापडला. झाशीला वेढा पडला तेव्हा तो आत होता. तोफा, लूट, जाळपोळ हे सगळं त्यात आहेच. शिवाय दक्षिणा किती मिळाली, जेवायला काय होतं, सोवळंओवळं कसं सांभाळलं हेही आहे. लढाई आणि संसार एकाच पानावर. वीस-पंचवीस वर्षांनी त्यांनी ते आठवून लिहिलं. चिंतामणराव वैद्यांनी १९०७ साली छापलं, पण हात फिरवून. मूळ हस्तलिखिताबरहुकूम आवृत्ती दत्तो वामन पोतदारांनी १९६६ साली काढली. दोन्ही मिळाल्या तर पोतदारांची आधी वाचा.

ऐतिहासिक कादंबऱ्या वाचून इतिहास कळतो का?

ओढ लागते, आणि ते काही थोडं नव्हे. रणजित देसाईंचं कोवाड इथून हाकेच्या अंतरावर. त्यांच्या कादंबऱ्या वाचूनच या भागातल्या दोन पिढ्यांना गडकोटांचा नाद लागला. फक्त एक पाळा: कादंबरीतला संवाद वादात पुरावा म्हणून सांगू नका. महाराज अमुक प्रसंगी अमुक बोलले, हे बहुतेक वेळा लेखकाचं बोलणं असतं.

मग बखर म्हणजे खरा इतिहास ना?

बखर कोणी, कधी, कोणासाठी लिहिली हे आधी पाहायचं. कृष्णाजी अनंत सभासदांनी आपली बखर राजाराम महाराजांच्या आज्ञेने १६९७ साली जिंजीला लिहिली. लेखक शिवकाळ पाहिलेला, दरबारातला माणूस. म्हणून तिचं वजन मोठं. पण त्या वेळी रायगड पडलेला, राजा दूर तमिळ मुलखात वेढ्यात अडकलेला, आणि थोरल्या महाराजांची आठवण हाच सगळ्यांचा आधार होता. ही पार्श्वभूमी डोक्यात ठेवून वाचलं की कुठे सूर चढतो आणि का चढतो ते समजतं. पानिपतावरच्या बखरींची भाषा तर अशी की एकेक उतारा मोठ्याने वाचावा. फौजेचे आकडे मात्र जपून घ्यावेत.

बखरीच्या शेजारी पत्रं ठेवायची, हा धडा इतिहाससंशोधक वि. का. राजवाड्यांचा. ‘मराठ्यांच्या इतिहासाची साधने’चा पहिला खंड १८९८ साली निघाला आणि पानिपताच्या आधीच्या दहा-अकरा वर्षांचा पत्रव्यवहार लोकांसमोर आला. पत्र लिहिणाऱ्याला उद्या काय होणार ते ठाऊक नसतं. बखरकाराला शेवट ठाऊक असतो. आपल्या भागापुरतं बोलायचं तर मिरजेचे वासुदेवशास्त्री खरे विसरू नका. पटवर्धन सरदारांच्या दप्तरातून त्यांनी काढलेला ‘ऐतिहासिक लेखसंग्रह’ म्हणजे हैदर-टिपूशी झालेल्या लढायांचा आणि कृष्णा-तुंगभद्रेमधल्या मुलखाचा खजिना. यातली कित्येक गावं आपल्या बसच्या पाटीवर रोज दिसतात.

बेळवडीच्या लढाईची हकीकत मराठी पुस्तकात एक आणि कन्नड पुस्तकात दुसरी. खरं काय?

हा प्रश्न सगळ्यात जास्त येतो, बहुधा तावातावाने येतो, आणि आमचा सगळ्यात आवडताही हाच.

घटना अशी. १६७७ साली शिवाजी महाराज दक्षिणेच्या मोहिमेवर गेले, जिंजी-वेल्लोरकडचा मुलूख जिंकला आणि परत फिरले. १६७८ च्या सुरुवातीला बैलहोंगल भागातल्या बेळवडीच्या लहानशा गढीशी मराठी फौजेची गाठ पडली. कारण अगदी साधं: फौजेच्या सामानाचे बैल गढीतल्या माणसांनी पळवले. गढी देसाईणीची. तिने ती सुमारे महिनाभर लढवली. इतिहासकार जदुनाथ सरकार तिला सावित्रीबाई म्हणतात, वेढा २७ दिवसांचा सांगतात. कन्नड परंपरेत ती बेळवडी मल्लम्मा. गढी पडल्यावर सखूजी गायकवाड नावाच्या सरदाराने तिच्याशी गैरवर्तन केलं आणि महाराजांनी त्याला जबर शिक्षा दिली, असं पुढे सांगितलं जातं. कन्नड सांगण्यात भर मल्लम्माच्या शौर्यावर आणि तिच्या स्त्रियांच्या फौजेवर आहे. मराठी सांगण्यात भर महाराजांच्या न्यायावर. धारवाडजवळ यादवाडला महाराजांचं दगडी शिल्प आहे, ते मल्लम्मानेच कृतज्ञतेने करवलं अशी तिथली श्रद्धा.

आता तिसरा साक्षीदार. राजापूरच्या इंग्रज वखारवाल्यांनी फेब्रुवारी १६७८ मधल्या पत्रात लिहून ठेवलंय की इतकी राज्यं जिंकणाऱ्या शिवाजीला ही देसाईण काही आटोपेना. ही बातमी त्यांना महाराजांकडून आलेल्या माणसांकडूनच कळली होती. म्हणजे वेढा झाला, लांबला आणि बाईने तो लांबवला, इतकं त्याच वेळच्या कागदाने पक्कं होतं. बाकीचा तपशील, विशेषतः भेटीचे संवाद आणि स्त्रियांच्या फौजेची संख्या, नंतरच्या सांगण्यातून आलेला आहे.

आमचं मत विचाराल तर दोन्ही हकीकती एकमेकींना खोडत नाहीत. मराठी वाचकाला महिनाभराचा वेढा घाईघाईने उरकून शिक्षेकडे जायचं असतं, कन्नड वाचकाला शिक्षेपेक्षा वेढा महत्त्वाचा वाटतो. दोन्ही पुस्तकं शेजारी ठेवून वाचणाऱ्याला दोन्ही मिळतं. सीमाभागात राहण्याचा हा एक फायदा आहे, आणि पुण्या-बंगळूरच्या वाचकाला तो सहज मिळत नाही.

कित्तूरवर मराठी वाचकाने काय म्हणून वाचावं? तो तर कन्नड इतिहास.

कित्तूरच्या देसायांचे अर्धे कागद पेशवे आणि पटवर्धनांशी बांधलेले आहेत. मल्लसर्ज देसाई पेशव्यांच्या कैदेत होते. राजाचा वारस दत्तक, ईस्ट इंडिया कंपनीने तो नाकारला, आणि २३ ऑक्टोबर १८२४ रोजी राणी चन्नम्माच्या फौजेपुढे धारवाडचा कलेक्टर थॅकरे ठार झाला. (हा त्याच आडनावाच्या प्रसिद्ध इंग्रजी कादंबरीकाराचा चुलता.) डिसेंबरात किल्ला पडला, राणी बैलहोंगलच्या किल्ल्यात कैदेत गेली आणि १८२९ साली तिथेच वारली. संगोळ्ळी रायण्णाने पुढे डोंगरजंगलातून लढा चालवला. त्याला १८३१ मध्ये नंदगडला फाशी दिलं. नंदगड आपल्या खानापूर तालुक्यातलं, तिथल्या बाजारात आजही निम्मी बोलणी मराठीत होतात.

झाशीच्या तीस वर्षं आधी दत्तक नामंजुरीवरून झालेली ही लढाई. मराठी वाचकाने १८५७ वाचायच्या आधी ती वाचलेली बरी. आणि १८५७ वर आलात की नरगुंद चुकवू नका: बाबासाहेब भावे हे मराठी संस्थानिक, राज्य कन्नड मुलखात, दुखणं पुन्हा दत्तकाचंच, आणि जून १८५८ मध्ये फाशी बेळगावात.

कन्नड वाचता येत नाही. काय करू?

घरातल्या शाळकरी पोराला सांगा वाचून दाखवायला. हे चेष्टेने सांगत नाही; आमच्या काही वाचकांनी असंच सुरू केलं आणि दोघांचंही भलं झालं. कन्नड लावणीपासून, म्हणजे तिकडच्या पोवाड्यापासून धरा, गद्यापेक्षा ती लवकर कानात बसते. १८५७ साली शस्त्रबंदीविरुद्ध उठलेल्या हलगलीच्या बेडर जमातीची लावणी, रायण्णाची लावणी, या फ्लीट नावाच्या इंग्रज अधिकाऱ्याने गोळा करून १८८५ साली इंग्रजी भाषांतरासह छापल्या. आपला पोवाडा आणि ही लावणी लागोपाठ ऐकली तर लढाई सांगण्याची रीत किती जवळची आहे ते कळतं. द. रा. बेंद्र्यांच्या घरात मराठी होती आणि ते कन्नडचे महाकवी झाले, हेही लक्षात असू द्या.

मराठा लाइट इन्फंट्रीचं केंद्र आपल्याच गावात. पलटणीचा इतिहास कसा वाचावा?

कॅम्पातून मिलिटरी महादेवला जाताना परेडचा आवाज ऐकत मोठे झालेले आपण, तरी पलटणीबद्दल ‘बोल श्री छत्रपती शिवाजी महाराज की जय’ या रणघोषापलीकडे फारसं ठाऊक नसतं. सर्वांत जुनी ‘जंगी पलटण’ १७६८ ची, ‘काळी पाचवी’ तिच्या लगोलगची. दोन्ही कंपनीच्या मुंबई फौजेत उभ्या राहिल्या. म्हणजे पेशवाई असताना मराठी मुलखातली माणसं दोन्ही बाजूंच्या नोकरीत होती. हे पचायला जड जातं, पण इथूनच सुरुवात करावी लागते. बेळगावात केंद्र आलं ते १९२० च्या दशकात.

पलटणीचे अधिकृत इतिहास युद्धकाळातल्या रोजनिशीवरून लिहिलेले असतात. कुठल्या टेकडीवर कधी चढले, किती पडले, कोणाला पदक, हे त्यात चोख मिळतं. पूर्व आफ्रिकेतलं १९४१ चं केरेन, इटलीतली १० जुलै १९४४ ची यशवंत घाडगे यांची लढाई, ९ एप्रिल १९४५ ला सेनियो नदीवरची नामदेव जाधव यांची. दोघांना व्हिक्टोरिया क्रॉस. घाडगे यांना मरणोत्तर. पण शिपाई काय जेवत होता, घरी काय लिहीत होता, हे त्या पुस्तकांत अर्ध्या ओळीत उरकतं. त्यासाठी दुसरीकडे बघावं लागतं.

कूतचा वेढा घ्या. मेसोपोटेमियात, म्हणजे आजच्या इराकात, डिसेंबर १९१५ पासून २९ एप्रिल १९१६ पर्यंत पुण्याची सहावी डिव्हिजन तिथे कोंडली गेली. १०३, ११० आणि ११७ या मराठा पलटणी त्यात होत्या. धान्य संपत आलं तेव्हा घोडी कापायला सुरुवात झाली. हिंदी शिपायांनी ते मांस खायला नकार दिला. धर्माची हरकत नाही असं सांगणाऱ्या तारा हिंदुस्थानातून मागवाव्या लागल्या, तरी पुष्कळांनी शेवटपर्यंत तोंड लावलं नाही. गावी परतल्यावर भावकी काय म्हणेल, ही धास्ती भुकेपेक्षा मोठी होती. लष्करी इतिहासकार हा मुद्दा रसदीच्या प्रकरणात टाकतात. आम्हाला विचाराल तर सबंध वेढ्याची गुरुकिल्ली तिथे आहे.

पहिल्या महायुद्धात फ्रान्स आणि इंग्लंडमधल्या हिंदी शिपायांची पत्रं सेन्सॉर फोडून वाचत असे आणि त्यांतले उतारे इंग्रजीत उतरवून ठेवत असे. ते लंडनला जतन आहेत, त्यांतून निवडलेल्यांची पुस्तकंही निघाली आहेत. मराठी पत्रं त्यांत कमी, पण वाचावीत.

“आमचे पणजोबा बसऱ्याला गेलेले म्हणतात. त्यांचं नाव कुठं सापडंल?”

आधी घरातली पेटी उघडा. पहिल्या महायुद्धाचं पदक असेल तर त्याच्या कडेवर बारीक अक्षरात नंबर, हुद्दा, नाव आणि पलटण कोरलेली असते. चिंच लावून घासू नका, कडेची अक्षरं झिजतात. पदक नसेल तर डिस्चार्जचा कागद, पेन्शनचं पुस्तक, जमीन मिळाली असेल तर सातबारावरची जुनी नोंद.

लढाईत वारले असतील तर कॉमनवेल्थ युद्धस्मशान आयोगाच्या संकेतस्थळावर नाव शोधता येतं. पुष्कळ नोंदींत बापाचं नाव, गाव आणि तालुकाही आहे. शोधताना इंग्रज कारकुनाच्या कानाने विचार करायचा. एकच आडनाव तीन-चार स्पेलिंगांनी टाकून बघा, गावाचं नावही तसंच. बसऱ्याच्या स्मारकावर गोऱ्यांची आणि हिंदी अधिकाऱ्यांची नावं कोरली गेली; साध्या हिंदी शिपायांचे पलटणीगणिक नुसते आकडे. त्यामुळे दगडावर नाव सापडलं नाही म्हणून खट्टू होऊ नका, नोंदवहीत असू शकतं.

इंग्रजांनी लिहिलेल्या पुस्तकांवर विश्वास ठेवावा का?

कामापुरता ठेवावा. ग्रँट डफचा मराठ्यांचा इतिहास १८२६ साली निघाला, लगेच त्याचं मराठी भाषांतर शाळांत गेलं, आणि पुढे नीलकंठ जनार्दन कीर्तने या तरुणाने त्यातल्या चुका काढणारा निबंध लिहिला. मराठी इतिहाससंशोधनाची खरी सुरुवात त्या भांडणातून झाली असं म्हणायला हरकत नाही. आपल्यासाठी १८८४ चं बेळगाव गॅझेटियर फार उपयोगी: पिकं, विणकर, बाजार, किल्ले, जत्रा सगळं आहे. जातींबद्दलचे शेरे मात्र वाचून सोडून द्यावेत.

नुसत्या लढाया वाचून कंटाळा आला. लोकांचा इतिहास कुठे आहे?

फौजेच्या मागे चालत असतो. पानिपतावरच्या पुस्तकांत ‘बुणगे’ हा शब्द येतो, तिथे थांबा: ही यात्रेकरू, बाजारकरी, बायकामुलं कोण होती ते वाचा. आपल्याकडे लमाण तांडे आहेत; त्यांचे पूर्वज बैलांवर धान्य लादून फौजांना पुरवीत. १८०० साली धोंड्या वाघ या बंडखोराच्या पाठलागावर आर्थर वेलस्ली याच मुलखातून फिरत होता. त्याच्या पत्रांत शत्रूपेक्षा बैलांची आणि तांदळाची चिंता जास्त आहे. पुढे वॉटर्लू जिंकणारा माणूस मलप्रभेच्या पुरापुढे बैलांचा हिशेब करत बसला होता, हे वाचताना मजा येते.

गावाबाहेर कोरलेला दगड आहे, वीरगळ म्हणतात. तो वाचायचा कसा?

खालून वर. सगळ्यात खाली लढाई किंवा गुरं पळवणाऱ्यांशी झटापट. मधल्या पट्टीत वीराला घेऊन जाणाऱ्या अप्सरा. वर तो शिवलिंगापुढे बसलेला. आणि माथ्यावर चंद्रसूर्य. खालच्या पट्टीत गायी असतील तर हा वीर गावची गुरं सोडवताना पडला असं समजा. राजाराजांच्या लढाया पुस्तकात येतात, या गुराखी-शेतकऱ्याची लढाई फक्त या दगडावर असते. शेंदूर किंवा ऑइलपेंट फासू नका. हलशीला कदंबांची देवळं पाहायला जाल तेव्हा वाटेतल्या गावांत विचारत जा, लोक दाखवतात.

१९६२, १९७१ वर काय वाचावं?

सेनापतींच्या आठवणी आणि पलटणीचा इतिहास जोडीने. आठवणींत आपली बाजू मांडलेली असतेच, ६२ च्या बाबतीत तर फारच. ७१ साठी आजच्या बांगलादेशातलं जमालपूर शोधा: तिथे जंगी पलटण होती, आणि शरण या म्हणून पाठवलेल्या पत्राला पाकिस्तानी अधिकाऱ्याने उत्तरात बंदुकीची गोळी गुंडाळून पाठवली होती. तिथल्याच टांगाइलला ११ डिसेंबरला छत्र्यांनी उतरलेली दुसरी पॅरा बटालियन ही मूळची तिसरी मराठा, म्हणजे यशवंत घाडग्यांचीच पलटण.

लेखक कुठल्या बाजूचा हे कसं ओळखावं? सीमाप्रश्नामुळे धास्ती वाटते.

प्रकाशनाचं साल बघा. १ नोव्हेंबर १९५६ च्या आधीचा मराठी लेखक या भागाला सहज ‘दक्षिण महाराष्ट्र’ म्हणतो, कन्नड लेखक ‘मुंबई कर्नाटक’. नंतरच्या पुस्तकांत तेच शब्द वकिली झाले आहेत, दोन्हीकडे. वकिली पुस्तकही वाचावं. त्यात कागद चांगले जमवलेले असतात, निकाल तेवढा आपण द्यायचा.

पुस्तकं मिळतात कुठे? महाग आहेत हो.

आधी वाचनालय. जुनी, छपाईबाहेर गेलेली कित्येक पुस्तकं इंटरनेट अर्काइव्हवर फुकट वाचता येतात; राजवाडे, खरे, सरदेसाई तिथे आहेत. येळ्ळूर, कडोली, उचगावच्या संमेलनांत स्टॉल लागतात, तिथे सवलत असते, आणि विक्रेत्याला दुपारच्या जेवणानंतर गाठलं तर आणखी थोडी.

मोडी शिकावी का? घरात जुने कागद आहेत.

शिका. रोज थोडा सराव केला तर काही महिन्यांत छापील नमुने वाचता येतात. हाताचं अक्षर लागायला मात्र वर्ष जातं, त्यातही घाईने लिहिणाऱ्या कुलकर्ण्याचं अक्षर लागलं तर नशीब. कागदांचं म्हणाल तर लॅमिनेशन करू नका, सेलोटेप चिकटवू नका. दिवसाच्या उजेडात मोबाइलने दोन्ही बाजूंचे फोटो काढा, कागद सुती कापडात सपाट ठेवा, आणि कुठल्या पेटीत, कुठल्या क्रमाने सापडले ते एका चिठ्ठीवर लिहून त्यांच्यासोबतच ठेवा.